गोपनीय अहवालावर सरकारचाच विश्वास नाही

ज्या शिक्षकाची नोकरी पाच वर्षांपेक्षा कमी उरली आहे, त्याने टीईटी (शिक्षक पात्रता परीक्षा) उत्तीर्ण केली नसली तरी निवृत्तीपर्यंत खुशाल शिकवावे. मात्र पदोन्नती मागू नये. 1 सप्टेंबर 2025 रोजी सर्वोच्च न्यायालयाने ‘अंजुमन इशात-ए-तालीम ट्रस्ट विरुद्ध महाराष्ट्र शासन’ या प्रकरणात दिलेल्या आदेशाचा एक भाग असा आहे. न्या. दीपंकर दत्ता आणि न्या. मनमोहन यांच्या खंडपीठाने बाकीच्यांना, म्हणजे पाच वर्षांहून अधिक नोकरी उरलेल्यांना, दोन वर्षांची मुदत दिली: उत्तीर्ण व्हा, नाहीतर नोकरी सोडा. शिक्षक संघटनांनी साहजिकच या दुसऱ्या भागावर गदारोळ केला, कारण त्यात भाकरीचा प्रश्न आहे. मला मात्र पहिला भाग अधिक चमत्कारिक वाटतो.

महाराष्ट्रात शिक्षक 58 व्या वर्षी निवृत्त होतो. म्हणजे त्रेपन्न ओलांडलेला, जिल्हा परिषदेच्या शाळेत पंचवीस-तीस वर्षे पहिली-दुसरीची पोरे वाचायला शिकवलेला माणूस वर्गात चालतो, पण मुख्याध्यापकाच्या खुर्चीत चालत नाही. आता टीईटीत काय विचारतात ते पाहा. 150 प्रश्न, 150 गुण. बालमानसशास्त्र, भाषा, गणित, परिसर अभ्यास असे विषय. म्हणजे जे काम त्याला सोडायला लावत नाहीत त्या कामाची ही परीक्षा. मुख्याध्यापक झाल्यावर करायचे ते वेगळेच: पोषण आहाराच्या तांदळाचा साठा जुळवायचा, यू-डायसची माहिती मुदतीत भरायची, शाळा व्यवस्थापन समितीत सरपंचाच्या माणसांना सांभाळून घ्यायचे, गळक्या वर्गखोलीचा प्रस्ताव पंचायत समितीतून पुढे सरकवायचा. यातले एकही टीईटीच्या अभ्यासक्रमात नाही. अर्हता वर्गासाठीची, आणि अडवते कार्यालयाच्या दारात.

न्यायालयाला दोष देण्यात अर्थ नाही. शिक्षण हक्क कायद्याचे 23 वे कलम किमान अर्हतेबद्दल स्पष्ट बोलते, पदोन्नतीनेही नेमणूकच होते, आणि ज्येष्ठ शिक्षकांना दिलेली सवलत ही 142 व्या कलमाखाली दाखवलेली दया आहे. प्रश्न त्या निकालाच्याही मागे, निदान अर्ध्या शतकामागे, जातो. पदोन्नतीसाठी शैक्षणिक अर्हता लावायचीच असेल, तर तिचा वरच्या पदाच्या कामाशी काय संबंध आहे हे सिद्ध करण्याची जबाबदारी कोणाची?

आपल्या सेवाविषयक कायद्याने याचे उत्तर नोकरदारावर ढकलले आहे. माझ्या मते ती जबाबदारी सरकारची आहे, आणि त्याचे कारण भरती आणि पदोन्नती यांच्यातल्या एका साध्या फरकात सापडते. भरतीच्या वेळी समोरचा माणूस अनोळखी असतो. शंभर जागांना लाखभर अर्ज आले तर कोणती तरी चाळणी लावावी लागते. पदवी ही त्यातल्या त्यात स्वस्त चाळणी. पदोन्नतीच्या वेळी तोच माणूस पंधरा-वीस वर्षे खात्याच्या डोळ्यांसमोर असतो. दर मार्चअखेर त्याचा गोपनीय अहवाल लिहिला जातो. प्रतिवेदन अधिकारी लिहितो, पुनर्विलोकन अधिकारी त्यावर शेरा मारतो, ‘निश्चित चांगला’ की ‘उत्कृष्ट’ अशी प्रतवारी पडते, आणि विभागीय पदोन्नती समितीपुढे ते सगळे गठ्ठे ठेवले जातात. इतके कागद हाताशी असताना खाते जेव्हा विचारते, ‘ते ठीक आहे, पण पदवी कुठे आहे?’ तेव्हा ते आपणच लिहिलेल्या अहवालांवर आपला भरवसा नसल्याचे कबूल करते.

या विषयातला पायाचा निकाल ‘जम्मू-काश्मीर राज्य विरुद्ध त्रिलोकीनाथ खोसा’ हा, 1974 च्या निवाड्यांत छापलेला. तिथल्या 1970 च्या नियमांनी सहायक अभियंत्याला कार्यकारी अभियंता होण्यासाठी अभियांत्रिकीची पदवी किंवा एएमआयई ही समकक्ष परीक्षा आवश्यक केली. पदविकाधारक सहायक अभियंते त्याच संवर्गात, त्याच पदावर, तेच काम करत होते. नव्या नियमाने त्यांची वाट तिथेच संपली. उच्च न्यायालयाने त्यांची बाजू उचलून धरली. सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांच्या पीठाने तो निकाल फिरवला. मुख्य निकालपत्र न्या. यशवंत चंद्रचूड यांचे. एका संवर्गात मिसळल्यानंतर कोण कुठून आला याचा भेद उरत नाही, पण शिक्षणाचा भेद करता येतो. उद्देश प्रशासकीय कार्यक्षमता असेल तर असा भेद समानतेचा भंग नव्हे. आणि महत्त्वाचे म्हणजे नियम वाजवी आहे असे गृहीत धरायचे, तो वाजवी नाही हे आव्हान देणाऱ्याने तपशिलानिशी दाखवायचे.

आता तो कसे दाखवणार? कार्यकारी अभियंत्याच्या टेबलावर कोणत्या फायली येतात, त्यातल्या किती फायलींना पदवीच्या चौथ्या वर्षातले गणित लागते, पदविकाधारकांनी पूर्वी ते पद भूषवले तेव्हा किती पूल पडले, ही सगळी माहिती खात्याच्या कपाटात. ज्याच्याकडे किल्ली त्याने पुरावा द्यायचा नाही, आणि ज्याच्याकडे काही नाही त्याने द्यायचा, अशी ही व्यवस्था. न्या. चंद्रचूडांना हा धोका दिसत नव्हता असे नाही. वर्गीकरणाचा सिद्धांत असाच हळूहळू ताणत नेला तर समानतेत शिल्लक काय राहील, अशी चिंता त्यांनी त्याच निकालपत्रात बोलून दाखवली आहे. न्या. कृष्ण अय्यर यांनी निकालाशी सहमत होतानाच स्वतंत्र टिपणात गुणवत्ता ही मूठभरांची मिरास असल्याचा युक्तिवाद झिडकारला. चिंता कागदावर राहिली. पुढच्या वकिलांनी उद्धृत केला तो निष्कर्ष.

पदविकाधारक अभियंता काय करतो हे बाहेरच्या माणसाला सहसा ठाऊक नसते. रस्त्याच्या कामावर खडीचा थर किती इंच पडला हे मोजून मोजमाप पुस्तकात, खात्याच्या बोलीत एमबीत, तो नोंद करतो. त्या नोंदीवर ठेकेदाराचे बिल उभे राहते. नोंद खोटी निघाली तर चौकशी पहिल्यांदा त्याच्यावर येते. उपअभियंता तपासतो, कार्यकारी अभियंता त्यातला काही भाग तपासून बिल मंजूर करतो. वर चढत जावे तसे कामातले अभियांत्रिकी कमी होते आणि निविदा, भूसंपादन, न्यायालयातली प्रकरणे, आमदारांचे फोन आणि लेखापरीक्षणाचे आक्षेप वाढतात. संकल्पचित्र मंडळात पुलाच्या गर्डरचे गणित करणाऱ्याला पदवी हवी, याबद्दल माझा वाद नाही. पण तो एका विशिष्ट खुर्चीचा मुद्दा आहे. सगळ्या खुर्च्यांना तोच नियम लावण्याचे कारण खात्याने सांगितले पाहिजे, आणि नेमके तेच ते कधी सांगत नाही. शपथपत्रात ‘प्रशासकीय कार्यक्षमता’ एवढे दोन शब्द टाकले की काम भागते.

खोसाच्या पाठोपाठ मोहम्मद शुजात अली प्रकरणात न्या. भगवती यांनी वेगळा सूर लावला. वरच्या पदाच्या कामाला ज्या शिक्षणाची गरजच नाही त्या शिक्षणावरून भेदभाव करू दिला, तर समानतेच्या कलमातला सामाजिक आशयच घुसमटेल, असा त्यांचा इशारा होता. इशारा दिला, पण समोरच्या प्रकरणात नियम टिकवला. 1989 मध्ये केरळच्या अबकारी खात्यातल्या पदवीधर आणि बिगरपदवीधरांच्या वादात न्यायालयाने भेद रद्द केला, कारण दोघांचे काम एकच होते. त्याच सुमारास दिल्ली विकास प्राधिकरणाच्या प्रकरणात पदविकाधारकांना जादा वर्षांच्या सेवेची अट योग्य ठरली. 2021 मध्ये कोलकाता महापालिकेच्या उपसहायक अभियंत्यांचा वाद आला, न्या. धनंजय चंद्रचूड यांच्या पीठाने सगळ्या जुन्या इतिहासाची उजळणी करून भेद मान्य केला. वडिलांनी घातलेल्या पायावर मुलाने सत्तेचाळीस वर्षांनी मजला चढवला, असे गमतीने म्हणता येईल. पण नियोक्त्याला काय कळते ते न्यायालयाला कळत नाही, ही त्यामागची भूमिका मात्र गमतीची नाही.

नियोक्त्याच्या शहाणपणावरचा हा विश्वास दुसऱ्या टोकालाही पोहोचतो. पंजाब नॅशनल बँकेने शिपाईपदासाठी उमेदवार पदवीधर नसावा अशी अट घातली होती. ओडिशातल्या एका तरुणाने आपण पदवीधर असल्याचे लपवले आणि निवड मिळवली. 2020 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने बँकेची बाजू घेतली. माहिती दडवली हे खरेच, त्यामुळे निकालाला कायद्याचा आधार आहे. तरीही हा आणि कोलकात्याचा असे दोन निकाल शेजारी ठेवले की आपल्या नोकरशाहीचे शिक्षणाबद्दलचे मत कळते: माणूस किती शिकला यापेक्षा तो आपल्या ठरलेल्या पायरीवर बसतो की नाही, ते महत्त्वाचे.

अमेरिकेत हाच प्रश्न आपल्या आधी, 1971 मध्ये आला. उत्तर कॅरोलिनातल्या ड्यूक पॉवर या वीज कंपनीने मजुरी विभागाबाहेर जाण्यासाठी हायस्कूल उत्तीर्ण असण्याची अट घातली होती. ती अट येण्यापूर्वी लागलेले, हायस्कूल न झालेले गोरे कामगार मात्र वरच्या विभागांत व्यवस्थित काम करत होते. ‘ग्रिग्ज’ खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने विचारले ते कंपनीला: या प्रमाणपत्राचा कामाशी संबंध आहे हे तुम्ही दाखवा. कंपनीला दाखवता आले नाही. त्या खटल्याच्या मुळाशी वंशभेद होता, तो कायदा वेगळा, हे मान्य. पण आपल्याकडे दहावीनंतर तंत्रनिकेतनात कोण जातो? ज्याच्या घरी एकोणिसाव्या वर्षी कमावता हात हवा असतो तो. पदविका आणि पदवी यांतला फरक पुष्कळदा त्या मुलाच्या अठराव्या वर्षी घरात किती पैसे होते याचा फरक असतो. पंचेचाळिसाव्या वर्षी पदोन्नती समितीने तोच फरक पुन्हा मोजायचा, याला गुणवत्ता म्हणायला माझी जीभ वळत नाही.

पदवीच्या बाजूनेही एक भक्कम मुद्दा आहे, आणि तो सरकारी वकिलांपेक्षा कचेरीत खितपत पडलेला सामान्य कर्मचारीच चांगला मांडतो. गोपनीय अहवाल कोण लिहितो? साहेब. साहेबाच्या मुलीच्या लग्नात जो राबला, ज्याने दौऱ्यात गाडीची सोय केली, त्याचा अहवाल ‘अत्युत्कृष्ट’. जो नियमावर बोट ठेवतो त्याला ‘चांगला’ देऊन मागे टाकले जाते, आणि अहवाल लिहिणाऱ्याच्या डोक्यातली जात तर कुठल्याच रकान्यात दिसत नाही. अशा वेळी विद्यापीठाचे प्रमाणपत्र हा ज्याचा कोणी वाली नाही त्याचा आधार असतो. ते साहेबाच्या मर्जीवर मिळत नाही. मागास समाजांतल्या पहिल्या पिढीच्या कितीतरी कर्मचाऱ्यांनी रात्रीच्या महाविद्यालयात, मुक्त विद्यापीठात शिकून साहेबाची कटकट या एका कागदाने संपवली आहे. हे सगळे खरे आहे. त्यामुळे पदवी काढा आणि अहवालावर सोपवा, असे म्हणणाऱ्या माणसाने सरकारी कचेरी पाहिलेली नसावी.

पण या युक्तिवादातून निघते ते एवढेच की साहेबाच्या मर्जीपासून स्वतंत्र असे मोजमाप हवे. ते मोजमाप पदवीच असावी, हे निघत नाही. आणि पदवीही मर्जीपासून किती स्वतंत्र राहते, ते ‘ओरिसा लिफ्ट इरिगेशन कॉर्पोरेशन विरुद्ध रबिशंकर पात्रो’ या 2017 च्या निकालात उघडे पडले. नोकरीतल्या पदविकाधारकांना पदोन्नतीसाठी बी.टेक. हवे, नोकरी सोडून चार वर्षे महाविद्यालयात बसणे शक्य नाही. ही गरज ओळखून राजस्थान, उत्तर प्रदेश, तमिळनाडूतल्या चार अभिमत विद्यापीठांनी दूरशिक्षणाने अभियांत्रिकीच्या पदव्या वाटल्या. उदयपूरच्या संस्थेची बी.टेक. ओडिशातल्या पाटबंधारे महामंडळाच्या कर्मचाऱ्याला. प्रयोगशाळेशिवाय अभियांत्रिकी कशी शिकवली, हे विचारायला नियामक संस्थांना वेळ झाला नाही; उलट मागाहून मंजुऱ्या दिल्या गेल्या. न्या. आदर्श गोयल आणि न्या. उदय लळित यांच्या पीठाने त्या मंजुऱ्या रद्द केल्या, संबंधित अधिकाऱ्यांच्या चौकशीचे काम सीबीआयकडे दिले, आणि अभिमत विद्यापीठांना स्वतःला ‘विद्यापीठ’ म्हणवण्यापासून रोखण्याचे आदेशही दिले. आजकाल जाहिरातीत त्या संस्थांच्या नावापुढे ‘अभिमत’ असल्याचा खुलासा दिसतो तो तेव्हापासूनचा.

त्या निकालातली खरी शिकवण मात्र त्याच्या उपायात आहे. 2001 ते 2005 या सत्रांत प्रवेश घेतलेल्यांच्या पदव्या न्यायालयाने स्थगित केल्या आणि एआयसीटीई या तंत्रशिक्षणाच्या नियामक संस्थेला सांगितले की या लोकांची परीक्षा घ्या. जास्तीत जास्त दोन संधी. उत्तीर्ण होतील त्यांची पदवी खरी. नंतरच्यांच्या पदव्या रद्दच झाल्या. ती परीक्षा 2018 मध्ये झालीही. म्हणजे कागद खोटा की खरा हे कळेना, तेव्हा देशाच्या सर्वोच्च न्यायालयाने शेवटी माणसाला काय येते ते तपासायला सांगितले. दहा-पंधरा वर्षे वरच्या पदांवर बसून निवृत्तीकडे झुकलेल्या माणसांना पुन्हा उत्तरपत्रिका लिहावी लागली. हीच तपासणी पदोन्नतीआधी खात्यानेच केली असती, तर उदयपूरच्या कागदाला गिऱ्हाईकच मिळाले नसते.

परीक्षासुद्धा बाहेरच्या एखाद्या सामायिक प्रमाणपत्रासाठी असली आणि त्या प्रमाणपत्रावर नोकरी अवलंबून असली, की तिचाही बाजार होतो. महाराष्ट्रात 2019-20 च्या टीईटीत पैसे घेऊन गुण वाढवल्याचे पुणे पोलिसांनी 2021 च्या डिसेंबरात उघडकीला आणले. त्यानंतर 7,800 हून अधिक उमेदवारांची संपादणूक रद्द झाली. त्याआधी 1991 ते 2000 या काळात लागलेल्या नेट-सेट या पात्रता परीक्षा उत्तीर्ण नसलेल्या प्राध्यापकांचा प्रश्न असाच चिघळला. ‘नेट-सेटग्रस्त’ असे त्यांचे नावच पडले, जणू ते कुठल्या धरणाखाली बुडाले होते. त्यांनी पिढ्या शिकवल्या, पेपर तपासले, प्राचार्यांच्या अनुपस्थितीत महाविद्यालये चालवली. 2013 मध्ये परीक्षांवर बहिष्कार टाकून झाल्यावर 27 जूनच्या शासन निर्णयाने त्यांची सेवा नियमित झाली ती त्या दिवसापासून. मागची वर्षे पदोन्नतीला धरायची की नाही, यावर पुन्हा न्यायालय. एमएस-सीआयटी या संगणक परीक्षेची 31 डिसेंबर 2007 ची मुदत चुकलेल्यांच्या वेतनवाढींच्या वसुलीबद्दल तर लिहायलाच नको. संगणक शिकायला एखादा महिना पुरला असता, वसुलीचे वाद वर्षानुवर्षे चालले.

हा सगळा व्यवहार 1844 मध्ये सुरू झाला असे म्हणायला हरकत नाही. इंग्रजी शिकलेल्यांना सरकारी नोकरीत प्राधान्य देण्याचा ठराव गव्हर्नर जनरल हार्डिंग यांनी त्या वर्षी केला, आणि शिक्षण म्हणजे नोकरीचा परवाना हे समीकरण आपल्या हाडीमाशी खिळले. 1986 च्या राष्ट्रीय शैक्षणिक धोरणाने पदवी आणि नोकरी यांची फारकत करण्याची घोषणा केली होती. त्या घोषणेचे पुढे काय झाले ते कुठल्याही खात्याचे सेवाप्रवेश नियम उघडून पाहिले की समजते. भरीस भर म्हणून, नोकरी सांभाळत अभियंता होण्याची जी एक जुनी, कष्टाची पण प्रामाणिक वाट होती, इन्स्टिट्यूशन ऑफ इंजिनियर्सची एएमआयई, तिची पदवीशी समकक्षता केंद्र सरकारने 31 मे 2013 पर्यंत नाव नोंदवलेल्यांपुरतीच ठेवली. खोसाच्या नियमांतसुद्धा ही वाट उघडी होती. अट कायम ठेवायची आणि ती पुरी करण्याचा रस्ता बंद करायचा, हे न्यायालयाने वाजवी ठरवलेले नाही. कारण न्यायालयाला ते कोणी विचारलेलेच नाही.

मग करायचे काय? संविधानाच्या 309 व्या कलमाखाली सेवाप्रवेश नियम काढताना सरकारने प्रत्येक पदोन्नतीच्या अर्हतेपुढे एक परिच्छेद लिहावा: या पदाचे कोणते कर्तव्य या शिक्षणावाचून पार पडणार नाही. संकल्पचित्रासाठी पदवी हवी, तर तसे लिहा आणि त्या खुर्चीपुरतीच अट ठेवा. बाकीच्या जागांसाठी विभागीय परीक्षा आहेतच. महसुलात अव्वल कारकुनाला नायब तहसीलदार व्हायचे तर महसूल अर्हता परीक्षा द्यावी लागते. त्यात जमीन महसूल अधिनियम विचारतात, जो त्याला उद्या टेबलावर लागणार असतो. लेखी परीक्षा म्हणून साहेबाची मर्जी चालत नाही, आणि कामाचाच अभ्यास असल्याने उदयपूरहून मागवता येत नाही. पंचेचाळीस वर्षे झाली की सूट देण्याची पद्धतही आपल्याकडे जुनी आहे.

खाती या परिच्छेदातही ‘प्रशासकीय कार्यक्षमता’ हेच दोन शब्द लिहितील, असा आक्षेप येईल. लिहू द्या. आज मॅटपुढे, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणापुढे, उभा राहणारा पदविकाधारक हवेत तलवार फिरवतो, कारण नियमामागचे कारण कुठे लिहिलेलेच नसते आणि ते शपथपत्रात मागाहून रचता येते. कारण नियमातच छापले गेले, तर ते खरे आहे का हे तपासता येईल: मागच्या दहा वर्षांत या पदावर पदविकाधारक होते का, त्यांचे अहवाल काय होते, त्यांच्या कामावर किती आक्षेप निघाले. ही कागदपत्रे हजर करा असा आदेश न्यायाधिकरण आजही देऊ शकते. तो आदेश मागणारा अर्ज करायला कोणती नवी घटनादुरुस्ती लागत नाही. लागतो तो ज्येष्ठता यादीतल्या आपल्या क्रमांकापलीकडे पाहणारा एखादा अर्जदार, आणि पदोन्नतीच्या मानीव दिनांकाच्या मागणीवर न थांबणारा त्याचा वकील.